लॉर्ड सँडहर्स्ट : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सँडहर्स्ट रोड स्टेशनातला हा सँडहर्स्ट नेमका कोण?

विल्यम मॅन्सफील्ड, दुसरा बॅरन आणि नंतर पहिला व्हायकाउंट सँडहर्स्ट (बॅरन ही उमरावांतली सगळ्यात खालची पदवी, व्हायकाउंट तिच्या वरची). जन्म २१ ऑगस्ट १८५५, मृत्यू २ नोव्हेंबर १९२१. लिबरल पक्षाचा उमराव, दोनदा युद्धखात्याचा उपमंत्री, १८९५ ते १९०० मुंबईचा गव्हर्नर आणि १९१२ पासून मरेपर्यंत राजा पाचव्या जॉर्जचा लॉर्ड चेंबरलेन, म्हणजे राजवाड्याच्या समारंभी कारभाराचा वरिष्ठ.

इंग्लंडमधल्या नोंदींत तो मुख्यतः दरबारी म्हणून सापडतो. आपल्याकडे त्याचं नाव निघतं ते प्लेग, रँड आणि टिळकांवरचा राजद्रोहाचा खटला या तीन गोष्टींच्या संदर्भात. एकाच माणसाची ही दोन चरित्रं सहसा एकमेकांशेजारी ठेवून वाचली जात नाहीत. इथे तोच प्रयत्न आहे.

लष्करी अकादमी सँडहर्स्टशी त्याचा काय संबंध?

थेट काही नाही. नाव आलं वडिलांकडून. थोरले सर विल्यम मॅन्सफील्ड हे सँडहर्स्टच्या लष्करी कॉलेजात शिकलेले पक्के फौजी. १८५७ च्या उठावात ते सर कॉलिन कॅम्पबेलचे चीफ ऑफ स्टाफ होते, १८६० पासून मुंबईच्या फौजेचे सरसेनापती आणि १८६५ ते १८७० अख्ख्या हिंदुस्थानच्या फौजेचे. १८७१ मध्ये उमरावपद मिळालं तेव्हा त्यांनी बर्कशरमधल्या त्या गावाचं नाव घेतलं.

या थोरल्यांचा एक किस्सा सांगितल्याशिवाय राहवत नाही. १८६६ मध्ये त्यांनी सिमल्याला स्वतःच्याच एडीसीवर (दिमतीला असलेल्या लष्करी अधिकाऱ्यावर), कॅप्टन जर्व्हिसवर, कोर्टमार्शल भरवलं. आरोप काय, तर सरसेनापतींच्या घरच्या कोठीतल्या मालाची अफरातफर. त्यात लोणच्याच्या बरण्याही होत्या, आणि हिंदुस्थानातल्या इंग्रजी वर्तमानपत्रांनी त्यावरून सरसेनापतींची यथेच्छ टिंगल केली.

मुलगाही सुरुवातीला फौजेतच गेला, कोल्डस्ट्रीम गार्ड्समध्ये. पण १८७६ मध्ये वडील वारले आणि एकविसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर तो लॉर्ड झाला. हाउस ऑफ लॉर्ड्समधली जागा वारसाहक्कानं मिळाली, तिच्यासाठी कोणाकडे मत मागायला जावं लागलं नाही.

त्याच्या आईबद्दल ऐकलं आहे, ती निवडणूक लढली होती का?

लढली आणि जिंकलीसुद्धा. माझ्या मते मॅन्सफील्ड घराण्यातलं सगळ्यात ठसठशीत माणूस हीच. मार्गारेट, लेडी सँडहर्स्ट. जानेवारी १८८९ मध्ये लंडन काउंटी कौन्सिलची पहिलीवहिली निवडणूक झाली. बायकांना तिथे उभं राहता येतं की नाही हे कायद्यात स्पष्ट नव्हतं, म्हणून लिबरल बायकांनी उभं राहून पाहायचं ठरवलं. लेडी सँडहर्स्ट ब्रिक्स्टनमधून निवडून आल्या, जेन कॉब्डन बो आणि ब्रॉम्लीमधून.

लेडी सँडहर्स्टचा पडलेला प्रतिस्पर्धी बेरेस्फर्ड होप कोर्टात गेला. कायद्यात ‘व्यक्ती’ म्हटलंय, पण बाईला कौन्सिलर होता येत नाही, असा निकाल लागला. अपिलातही तो टिकला. त्यांची जागा त्यालाच मिळाली. इंग्लंडमध्ये काउंटी कौन्सिलचं दार बायकांना उघडलं १९०७ मध्ये. तोवर लेडी सँडहर्स्ट जाऊन पंधरा वर्षं झाली होती.

मतपेटीतून आलेल्या आईला कोर्टानं बाहेर काढलं आणि मुलगा जन्मानं मिळालेल्या खुर्चीवर निवांत बसला होता. ब्रिटिश उमरावशाही कशी चालायची, हे समजायला हे एक घर पुरेसं आहे.

राजकारणात त्याची चढती कमान कशी झाली?

फार नाट्यमय नाही. १८८० मध्ये ग्लॅडस्टन पंतप्रधान झाले आणि तरुण सँडहर्स्टला ‘लॉर्ड-इन-वेटिंग’ नेमलं गेलं. हे पद अर्धं दरबारी, अर्धं राजकीय. राणीच्या हुजुरात पाळीपाळीनं हजर राहायचं, पाहुण्यांचं स्वागत करायचं, शिवाय वरिष्ठ सभागृहात सरकारच्या बाजूनं बोलायचं. व्हिक्टोरिया राणीला ग्लॅडस्टन मुळीच आवडत नसत, त्यामुळे त्यांच्या पक्षाच्या माणसाला या जागेवर जिभेवर साखर ठेवूनच वावरावं लागे.

१८८६ मध्ये आयर्लंडच्या स्वराज्याच्या प्रश्नावर लिबरल पक्ष फुटला. बरेच मोठे उमराव ग्लॅडस्टनना सोडून गेले. सँडहर्स्ट गेला नाही. त्याचं फळ म्हणून त्या वर्षी आणि पुन्हा १८९२ ते १८९५ तो युद्धखात्याचा उपमंत्री झाला. दोन्ही वेळा मंत्री होते कॅम्पबेल-बॅनरमन. मंत्री हाउस ऑफ कॉमन्समध्ये आणि उपमंत्री लॉर्ड्समध्ये, अशी ही वाटणी होती.

एक काम मात्र लक्षात ठेवण्याजोगं. १८९० च्या सुमारास लंडनच्या इस्पितळांच्या कारभाराची चौकशी करायला लॉर्ड्सची एक समिती बसली, तिचा अध्यक्ष सँडहर्स्ट होता. नर्सेसचे कामाचे तास, बाह्यरुग्ण विभागातली गर्दी, धर्मादाय पैशाचा हिशेब, सगळं त्या समितीनं उकरून काढलं. म्हणजे मुंबईला येण्याआधी गरीब रुग्णाचं इस्पितळात काय होतं, याची साक्ष त्यानं समोर बसून ऐकली होती. पुढच्या प्रश्नांची उत्तरं वाचताना हे विसरू नका.

राजकुमारी डायनाशी नातं होतं म्हणतात ते खरं?

सासरकडून. १८८१ मध्ये त्यानं लेडी व्हिक्टोरिया स्पेन्सरशी लग्न केलं. ती चौथ्या अर्ल स्पेन्सरची मुलगी. तिचा सख्खा भाऊ चार्ल्स रॉबर्ट स्पेन्सर पुढे सहावा अर्ल झाला, आणि तो डायनाच्या आजोबांचा बाप. म्हणजे सँडहर्स्ट हा डायनाच्या पणजोबांचा मेहुणा. व्हिक्टोरियाचा सावत्र भाऊ, पाचवा अर्ल, आयर्लंडचा लॉर्ड लेफ्टनंट होता आणि लिबरल पक्षातला वजनदार माणूस. अशा घरात लग्न झालं की पक्षात वेगळी ओळख करून द्यावी लागत नाही.

हिंदुस्थानचा अनुभव नसताना थेट मुंबईचा गव्हर्नर कसा?

तेव्हा रीतच तशी होती. बंगाल-पंजाबचे लेफ्टनंट गव्हर्नर आयसीएसमधून, म्हणजे हिंदुस्थानच्या सनदी नोकरीतून, वर चढत येत. मुंबई आणि मद्रासला मात्र लंडनहून उमराव पाठवत, आणि त्यांना व्हाइसरॉयला वगळून थेट भारतमंत्र्याशी पत्रव्यवहार करता येई. पगार घसघशीत, मलबार पॉइंटला समुद्राकाठचा बंगला, उन्हाळ्यात महाबळेश्वर, पावसाळ्यात पुण्याचा गणेशखिंडीतला राजवाडा. आधीचा गव्हर्नर लॉर्ड हॅरिस तर क्रिकेटसाठीच जास्त ओळखला गेला.

सँडहर्स्टनं १८ फेब्रुवारी १८९५ रोजी सूत्रं हाती घेतली. चारच महिन्यांनी लंडनमध्ये लिबरल सरकार पडलं, तेही त्यानं नुकत्याच सोडलेल्या युद्धखात्यातल्या कॉर्डाइट दारूगोळ्याच्या साठ्यावरून. आता वर कॉन्झर्वेटिव्ह भारतमंत्री लॉर्ड जॉर्ज हॅमिल्टन आणि मुंबईत लिबरल गव्हर्नर. दोघांचं बिनसल्याचं काही दिसत नाही. हिंदुस्थानापुरतं दोन्ही पक्षांचं धोरण किती सारखं होतं, ते यावरून कळतं.

प्लेग आला तेव्हा त्याच्या सरकारनं काय केलं?

आधी टाळाटाळ, मग घाई.

सप्टेंबर १८९६ मध्ये मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगास यांनी पहिल्या रुग्णांचं निदान केलं. हे मूळचे गोव्याचे, बार्देशातल्या हडफड्याचे. ‘ब्युबॉनिक प्लेग’ हा शब्द उच्चारायचा म्हणजे मुंबई बंदरावर जगभर निर्बंध ओढवून घ्यायचे, त्यामुळे सुरुवातीला अधिकाऱ्यांची जीभ अडखळत होती. लोकांनी वाट पाहिली नाही. गाड्या आणि बोटी भरभरून लाखो माणसं शहराबाहेर पडली आणि त्यांच्याबरोबर रोगही पुणे, कराची, सुरत करत पसरला. १८९१ च्या जनगणनेत मुंबईची लोकसंख्या ८,२१,७६४ होती, १९०१ मध्ये ती ७,७६,००६ वर आली. वाढत्या शहराची लोकसंख्या दहा वर्षांत घटावी, हे साधं नव्हे.

लोकांना रोगाइतकीच भीती इस्पितळाची वाटत होती. ऑक्टोबर १८९६ मध्ये गिरणी कामगारांच्या जमावानं आर्थर रोडच्या इस्पितळावर हल्ला केला. तिथे नेलेला माणूस परत येत नाही, असा समज घरोघर होता, आणि मृत्यूंचं प्रमाण पाहता तो अगदीच निराधार नव्हता.

फेब्रुवारी १८९७ मध्ये व्हेनिसला आंतरराष्ट्रीय आरोग्य परिषद भरली. हिंदुस्थानचा माल आणि हजचे यात्रेकरू युरोप रोखून धरील, ही टांगती तलवार. त्याच महिन्यात, ४ तारखेला, कलकत्त्यात साथरोग कायदा झाला. चार कलमांचा एवढासा कायदा, पण त्यानं सरकारला जवळपास काहीही करायची मुभा दिली. (मार्च २०२० मध्ये महाराष्ट्रात लागू झाला तो हाच.) मुंबईत जनरल गॅटेकरच्या अध्यक्षतेखाली प्लेग कमिटी बसली. घरांची झडती, आजाऱ्यांना उचलून इस्पितळात, नातेवाइकांना विलगीकरण छावणीत, सामानाची होळी, चुन्याची सफेती, रेल्वे स्टेशनांवर काखा आणि जांघा तपासणं.

रोग पिसवांमार्फत उंदरांकडून माणसाकडे येतो, हे तेव्हा सिद्ध व्हायचं होतं. माणूस वेगळा काढून उंदीर घरातच ठेवण्याचा हा उद्योग होता. तरीही एक गोष्ट नोंदवली पाहिजे: मार्च १८९८ मध्ये मदनपुऱ्यात झडतीवरून दंगल पेटल्यावर याच सरकारनं हळूहळू सक्ती सैल केली. जोर चालत नाही हे सँडहर्स्टला कळलं, पण त्याआधी पुण्यात जे व्हायचं ते होऊन गेलं होतं.

रँडला सँडहर्स्टनंच नेमलं का? पुण्यातल्या अत्याचारांना तो जबाबदार होता का?

नेमणूक त्याच्या सरकारची. वॉल्टर चार्ल्स रँड साताऱ्यात असिस्टंट कलेक्टर होता. वाईच्या प्रतिष्ठित मंडळींना तुरुंगात धाडल्यामुळे त्याचं नाव आधीच कडक म्हणून झालेलं. फेब्रुवारी १८९७ मध्ये त्याला पुण्याच्या खास प्लेग कमिटीचा अध्यक्ष केलं. कमिटीत हाँगकाँगच्या १८९४ च्या प्लेगचा अनुभव असलेला डॉक्टर बेव्हरिजही होता. मार्चच्या मध्यापासून मेच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत आठ-नऊशे सैनिक पेठापेठांतून घरं तपासत फिरले. त्यात डरहॅम लाइट इन्फंट्रीचे गोरे शिपाई होते.

कागदावरचे नियम वाचले तर कोणालाही वाटेल की फार सभ्य मोहीम होती. बायकांची तपासणी बायकांनी करावी, पडदा पाळावा, देवघराचा मान ठेवावा, असं सगळं त्यात होतं. प्रत्यक्षात बूट घालून स्वयंपाकघरात आणि देवघरात शिरणं, सामान रस्त्यावर फेकणं, भर चौकात कपडे उतरवून तपासणं, चोऱ्या, अशा तक्रारींचा ढीग पडला. टिळकांनी हिंदू प्लेग इस्पितळ उभारायला हात लावला, शहर सोडून गेले नाहीत, आणि ‘केसरी’तून प्लेगविरुद्धच्या उपायांना विरोध न करता ते राबवण्याच्या पद्धतीवर कोरडे ओढले. पंडिता रमाबाईंनी इंग्रजी पत्रातून इस्पितळ आणि छावणीतल्या बायकांच्या हालांबद्दल लिहिलं. त्यावर ब्रिटिश संसदेत प्रश्न आला तेव्हा मुंबई सरकारनं आरोप फेटाळून लावले.

जबाबदारीचं विचाराल तर माझं मत स्पष्ट आहे. सँडहर्स्ट क्रूर नव्हता, आणि प्लेग थोपवण्याची निकड खरी होती. पण इंग्लंडमध्ये इस्पितळातल्या गरिबाचं गाऱ्हाणं ज्यानं वर्षानुवर्षं साक्षीदारांकडून ऐकून घेतलं, त्यानं पुण्यातल्या गाऱ्हाण्यांसाठी मात्र तसं काही केलं नाही. ज्यांच्याविरुद्ध तक्रार त्यांचाच अहवाल मागवला आणि तो प्रमाण मानला. हा दोष हाताखालच्या माणसावर ढकलता येत नाही.

याच प्लेगनं हडपसरजवळ आपल्या मुलाच्या, डॉ. यशवंतच्या, दवाखान्यात रुग्णांची सेवा करणाऱ्या सावित्रीबाई फुले यांना १० मार्च १८९७ रोजी नेलं.

२२ जून १८९७ च्या रात्री गव्हर्नर कुठे होता?

गणेशखिंडीत, यजमान म्हणून. व्हिक्टोरियाच्या राज्यारोहणाला साठ वर्षं झाल्याचा हीरक महोत्सव होता. टेकड्यांवर रोषणाई, राजवाड्यात मेजवानी. तिथून निघालेल्या बग्ग्यांपैकी रँडच्या बग्गीवर दामोदर चापेकरांनी गोळी झाडली. मागच्या बग्गीतला लेफ्टनंट आयर्स्ट बाळकृष्ण चापेकरांच्या गोळीनं जागीच गेला. रँड ३ जुलैला मेला. दामोदरांना १८ एप्रिल १८९८ रोजी फाशी झाली. त्यांचे भाऊ वासुदेव आणि बाळकृष्ण आणि साथीदार महादेव रानडे यांना मे १८९९ मध्ये, पाच दिवसांच्या आत.

तो राजवाडा म्हणजे आजच्या सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाची मुख्य इमारत.

टिळकांवर खटला भरायचा निर्णय त्याचाच का?

कायद्यानं राजद्रोहाच्या खटल्याला प्रांतिक सरकारची मंजुरी लागत असे. ती सँडहर्स्टच्या सरकारनं दिली आणि लंडनहून हॅमिल्टनचा तिला पाठिंबा होता.

पार्श्वभूमी अशी. खुनानंतर पुण्यावर जादा पोलीस बसवले आणि खर्च नागरिकांच्या माथी मारला. टिळकांनी ६ जुलैला ‘सरकारचे डोके ठिकाणावर आहे काय?’ असं विचारलं, पुढच्या अंकात ‘राज्य करणे म्हणजे सूड उगविणे नव्हे’ असं बजावलं. पण खटला भरला तो या अग्रलेखांवर नव्हे. १५ जूनच्या ‘केसरी’त, म्हणजे खुनाच्या आठवडाभर आधी, शिवराज्याभिषेकोत्सवाचा वृत्तांत आणि शिवाजीच्या तोंडी घातलेल्या ओळी छापल्या होत्या, त्यांवर. अफझलखानाच्या वधाची चर्चा आणि रँडचा खून यांची गाठ मारायची होती.

२७ जुलैला मुंबईत अटक. न्यायमूर्ती बद्रुद्दीन तय्यबजींनी जामीन दिला. सप्टेंबरात न्यायमूर्ती स्ट्रेची यांच्यासमोर खटला चालला. सहा युरोपियन ज्यूरर दोषी म्हणाले, तीन हिंदी ज्यूरर निर्दोष. प्रेमाचा अभाव म्हणजेच अप्रीती, असा स्ट्रेचींनी लावलेला अर्थ कायद्याच्या पुस्तकांत कायमचा जाऊन बसला. शिक्षा अठरा महिने सक्तमजुरीची. मॅक्स म्युलरसारख्यांच्या अर्जांनंतर ६ सप्टेंबर १८९८ रोजी, मुदतीआधी, अटींवर सुटका झाली.

इथे एक गंमत लक्षात घ्या. टिळक १८९५ पासून मुंबईच्या कायदे कौन्सिलचे सभासद होते आणि १८९७ मध्ये पुन्हा निवडून आले होते. निवडून आलेल्याची नेमणूक गव्हर्नरच्या सहीनं होई, कौन्सिलचा अध्यक्षही गव्हर्नरच. ज्याला आपल्या सहीनं कौन्सिलात घेतलं, त्याच्यावरच्या खटल्यालाही काही आठवड्यांत मंजुरी दिली.

त्याहून वाईट प्रकरण नातूबंधूंचं. पुण्याचे सरदार बाळासाहेब आणि तात्यासाहेब नातू यांना १८२७ च्या पंचविसाव्या रेग्युलेशनखाली उचललं. आरोप नाही, खटला नाही. १८९९ पर्यंत त्यांना मोकळीक मिळाली नाही. टिळकांना निदान ज्यूरी तरी मिळाली. व्यक्तिस्वातंत्र्याच्या गप्पा मारणाऱ्या पक्षाच्या गव्हर्नरनं हे केलं, आणि माझ्या लेखी त्याच्या कारकिर्दीवरचा सगळ्यात काळा डाग हाच आहे.

गोखल्यांनी त्याची माफी मागितली होती का?

हो, ऑगस्ट १८९७ मध्ये. हिंदुस्थानच्या सरकारी खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनपुढे साक्ष द्यायला गोपाळ कृष्ण गोखले लंडनला गेले होते. पुण्याहून आलेल्या पत्रांच्या आधारे, सैनिकांनी बायकांवर अत्याचार केल्याचा आरोप त्यांनी तिथे जाहीरपणे केला. परतल्यावर पुरावा द्यायची वेळ आली तेव्हा पत्रं लिहिणाऱ्यांपैकी कोणी पुढे यायला तयार होईना, आणि नावं फोडली असती तर ती माणसं नातूंच्या वाटेनं गेली असती. गोखल्यांनी गव्हर्नर, कमिटी आणि सैनिक यांची बिनशर्त माफी मागितली. पुण्यात त्यांची छीथू झाली; ती त्यांना बरीच वर्षं पुरली. नावं न सांगता सगळं अंगावर घेणं हे धैर्याचं होतं, असं मला वाटतं, पण तेव्हाच्या पुण्यात असं म्हणणारे थोडेच.

मग चांगलं काहीच नाही का?

आहे ना. वाल्डेमार हाफकिन ऑक्टोबर १८९६ मध्ये मुंबईला आले. ग्रँट मेडिकल कॉलेजातल्या छोट्याशा जागेत त्यांनी प्लेगची लस तयार केली आणि १० जानेवारी १८९७ रोजी स्वतःला टोचून घेतली. परळचं जुनं गव्हर्नमेंट हाउस ओस पडलं होतं, गव्हर्नर कधीचेच मलबार पॉइंटला गेले होते. साथीत तिथे प्लेगचं इस्पितळ झालं आणि मग ती वास्तू प्रयोगशाळेला देण्यात आली. १० ऑगस्ट १८९९ रोजी सँडहर्स्टच्याच हस्ते तिचं उद्घाटन झालं. आजची हाफकिन संस्था ती हीच. हे नाव १९२५ मध्ये मिळालं.

दुसरं, १८९८ च्या कायद्यानं स्थापलेला बॉम्बे सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट. दाट वस्तीत उजेड-वारा नाही म्हणून रोग माजतो, हा तेव्हाचा समज. त्यावर उपाय म्हणून समुद्राचा वारा आत आणणारे रुंद रस्ते शहराच्या पोटातून कापायचे ठरले: प्रिन्सेस स्ट्रीट, आणि चौपाटीच्या बाजूनं डोंगरीकडे जाणारा सँडहर्स्ट रोड. पाडापाडी झपाट्यानं झाली, बेघर झालेल्यांना चाळी त्या वेगानं मिळाल्या नाहीत, त्यामुळे शेजारच्या वस्त्या आणखी कोंबल्या गेल्या. रस्ते मात्र चांगले झाले. पुढे विष्णु दिगंबर पलुसकरांनी आपल्या गांधर्व महाविद्यालयाची इमारत याच रस्त्यावर उभारली.

टिळक सुटल्यावर त्याच्याबद्दल काय म्हणाले?

डिसेंबर १८९९ मध्ये लखनौच्या काँग्रेसमध्ये त्यांनी सँडहर्स्टच्या कारभाराचा निषेध करणारा ठराव मांडायचा घाट घातला. हा एका प्रांताचा प्रश्न आहे, असं म्हणून अध्यक्ष रमेशचंद्र दत्त आणि नेमस्त मंडळी आडवी आली आणि ठराव बारगळला. जहाल-मवाळ भांडणाच्या पुढच्या खुणा यात दिसतात. दोन महिन्यांनी, फेब्रुवारी १९०० मध्ये, गुजरातेत आणि दख्खनेत मोठा दुष्काळ पडलेला असताना, सँडहर्स्टनं लॉर्ड नॉर्थकोटच्या हाती प्रांत सोपवला आणि तो मायदेशी गेला.

लॉर्ड चेंबरलेन म्हणजे काय? पंतप्रधान चेंबरलेनशी काही संबंध?

नाही, तो नेव्हिल चेंबरलेन, ते आडनाव. लॉर्ड चेंबरलेन हे पद आहे. राजवाड्याच्या सगळ्या समारंभी कारभाराचा हा वरिष्ठ: राजघराण्यातली लग्नं, परदेशी पाहुणे, दरबारात कोणाला बोलवायचं आणि कोणाला नाही, राजाचे डॉक्टर आणि धर्मगुरू. हातात पांढरी काठी. राजा वारला की ती मोडायची. २०२२ मध्ये एलिझाबेथ राणीच्या अंत्यविधीत टीव्हीवर काठी मोडताना जे दिसले, ते तेव्हाचे लॉर्ड चेंबरलेन.

सँडहर्स्टच्या काळी ही नेमणूक सत्ताधारी पक्षाकडे असे. १९१२ मध्ये हे पद त्याच्याकडे आलं ते त्याच्या मेहुण्याकडून, वर सांगितलेल्या सहाव्या अर्ल स्पेन्सरकडून. घरातली काठी घरातच राहिली म्हणा. युद्धाच्या वर्षांत दरबारी समारंभ बहुतेक बंद होते. १९१७ मध्ये राजघराण्यानं जर्मन नाव टाकून ‘विंडसर’ नाव घेतलं, त्याच वर्षी १ जानेवारीला हा बॅरनचा व्हायकाउंट झाला होता. लंडनच्या सेंट बार्थोलोम्यू इस्पितळाचा तो खजिनदारही होता, म्हणजे इस्पितळांचा नाद सुटला नव्हता.

नाटकांवर बंदी घालायचा अधिकारही त्याला होता?

होता, आणि दरबाराच्या भिंतीबाहेर या पदाचा खरा धाक तोच. १७३७ पासून इंग्लंडमध्ये रंगभूमीवर यायच्या आधी प्रत्येक नवं नाटक लॉर्ड चेंबरलेनच्या कचेरीत जाई. १८४३ च्या कायद्यानं कारण देण्याची सक्ती त्याच्यावर ठेवली नव्हती. वाचनाची फी मोठ्या नाटकाला दोन गिनी. परवाना नाकारला की अपील नाही. सँडहर्स्टच्या मेहुण्यानं तर १९०७ मध्ये जपानी राजपुत्र पाहुणा येतोय म्हणून ‘मिकाडो’सारखी वीस वर्षांची जुनी संगीतिका काही आठवडे बंद ठेवली होती.

सँडहर्स्ट त्या मानानं सैल होता. इब्सेनचं ‘गोस्ट्स’ इंग्लंडमध्ये वीसहून अधिक वर्षं परवान्याविना पडलं होतं. १९१४ मध्ये त्याच्या कारकिर्दीत ते सुटलं. १९१७ मध्ये गुप्तरोगांवरचं एक फ्रेंच नाटकही सुटलं. सैनिकांत तो रोग इतका बोकाळला होता की नाटक उपयोगी ठरेल, असं वाटू लागलं होतं. शॉच्या ‘मिसेस वॉरन्स प्रोफेशन’वरची बंदी मात्र त्याच्या हयातीत उठली नाही.

मराठी नाटकवाल्यांना यात नवल वाटणार नाही. १८७६ च्या नाट्यप्रयोग कायद्यानं आपल्याकडे सरकारच्या हाती हेच शस्त्र दिलं होतं आणि खाडिलकरांचं ‘कीचकवध’ १९१० मध्ये त्याखालीच बंद पडलं. लंडनमधली ही पद्धत १९६८ मध्ये मोडीत निघाली. आपल्याकडे नाटकाची संहिता अजूनही परिनिरीक्षण मंडळाकडे जाते.

स्टेशनचं नाव बदलणार होतं, त्याचं काय झालं?

रस्त्याचं नाव केव्हाच सरदार वल्लभभाई पटेल मार्ग झालं. स्टेशन मागे राहिलं: खाली मध्य रेल्वे, वर हार्बर. जुलै २०२४ मध्ये राज्याच्या विधिमंडळानं मुंबईतल्या इंग्रजी नावांच्या काही स्टेशनांची नावं बदलण्याचा ठराव केला. त्यात करी रोडला लालबाग, चर्नी रोडला गिरगाव आणि सँडहर्स्ट रोडला डोंगरी असं सुचवलं आहे. अंतिम मंजुरी केंद्राची लागते. ‘डोंगरी’ला माझी काही हरकत नाही; तिथली माणसं पत्ता सांगताना तसंच म्हणतात.

त्याचं शेवटी काय झालं? वंशज आहेत का?

पहिली बायको १९०६ मध्ये वारली. १९०९ मध्ये त्यानं एलिनॉर वोडहाउस या विधवेशी लग्न केलं. ती कवी मॅथ्यू आर्नल्डची मुलगी, रग्बी शाळेच्या प्रसिद्ध हेडमास्तर थॉमस आर्नल्डची नात. महायुद्धाच्या आणि त्यानंतरच्या वर्षांत सँडहर्स्ट रोजनिशी लिहीत असे. ती त्याच्या मृत्यूनंतर, १९२० च्या दशकाच्या शेवटी, दोन भागांत छापली गेली.

नोव्हेंबर १९२१ मध्ये तो गेला, पांढरी काठी ड्यूक ऑफ अॅथोलकडे गेली. मुलगा नसल्यामुळे व्हायकाउंटपद त्याच्याबरोबरच संपलं. वडिलांनी मिळवलेलं बॅरनपद धाकटा भाऊ जॉन याच्याकडे गेलं आणि त्याच शाखेत पुढे चालत राहिलं.